वर्षाचे धान्य आणि उंदीर: स्वभाव ओळखून करायचा बंदोबस्त

सुगी संपून धान्य घरात आले की महिन्या-दोन महिन्यांत पोत्यांच्या कोपऱ्यांना भोके दिसू लागतात आणि मग घरातले कोणी तरी बाजारातून उंदराच्या औषधाची पुडी घेऊन येते. पुडीने दोन-तीन उंदीर मरतात, उरलेले सावध होतात आणि थोड्याच आठवड्यांत कुरतडणे पूर्ववत सुरू होते. या लेखात सुचवलेला क्रम नेमका उलटा आहे: आधी पाहणी, मग आसरा काढणे, वाटा बुजवणे, साठवण सुधारणे, त्यानंतर सापळे आणि अगदी शेवटी विष, तेही शक्यतो शेतातच. ज्यांच्या घरी ज्वारी, गहू, भात किंवा डाळी वर्षभरासाठी भरल्या जातात, अशा कुटुंबांसाठी आणि लहान गोदाम सांभाळणाऱ्यांसाठी हे विवेचन आहे.

आधी उंदीर कोणता ते ठरवावे

सगळ्या उंदरांवर एकच उपाय चालत नाही, म्हणून ही पायरी टाळू नये. महाराष्ट्रात साठवलेल्या धान्याला प्रामुख्याने तिघांचा उपद्रव होतो. पहिला काळा उंदीर. त्याची शेपटी धडापेक्षा लांब असते, तो चढण्यात पटाईत असतो आणि आढे, वासे, माळा, कौलांखालची जागा अशा उंचावरच्या ठिकाणी राहतो. दुसरी घूस. ती जाड अंगाची, आखूड तोंडाची आणि उकरणारी असते. चढण्यात मात्र कच्ची असते. तिच्या बिळाच्या तोंडाशी ताज्या मातीचा उकीर पडलेला दिसतो आणि तीच तिची सर्वांत भरवशाची खूण आहे. ही घूस केवळ खेड्यापुरती नाही. मुंबई आणि कोलकाता यांसारख्या शहरांतल्या धान्याच्या गोदामांतही तिने जम बसवलेला आहे. तिसरा छोटा घरउंदीर, जो पोत्यांच्या थप्पीच्या आतच घरटे करून राहू शकतो.

उंदीर प्रत्यक्ष दिसला नाही तरी लेंड्यांवरून ओळख पटते. घरउंदराच्या लेंड्या तांदळाच्या दाण्याहून लहान, ३ ते ६ मिलिमीटरच्या असतात, तर मोठ्या उंदराच्या आणि घुशीच्या १२ ते २० मिलिमीटरपर्यंत भरतात. ताजी लेंडी काळपट, ओलसर आणि चकचकीत असते. जुनी करडी पडते आणि काडीने दाबली की भुगा होते. लांबट नाकाची, उग्र वासाची चिचुंद्री मात्र या यादीत धरू नये. ती मुख्यतः झुरळे व किडे खाते आणि धान्याचे नुकसान तिच्या नावावर उगाच मांडले जाते.

बंदोबस्ताला उपयोगी पडणारा स्वभाव

उंदराचे पुढचे दात जन्मभर वाढत राहतात, वर्षाला १० सेंटिमीटरहून अधिक. ते झिजवण्यासाठी आणि वाट काढण्यासाठी तो लाकूड, प्लास्टिक, वायर, कच्ची वीट, शिशाची नळी असे बरेच काही कुरतडतो. त्यामुळे प्लास्टिकचा डबा हा उंदरापासून संरक्षण नव्हे. डब्याला कड असेल, म्हणजे दात रुतवायला जागा असेल, तर एका रात्रीत त्याला भोक पडू शकते.

त्याची नजर अधू असते. फिरणे मिशांच्या स्पर्शावर, वासावर आणि सवयीवर चालते. म्हणून तो मोकळ्या जमिनीतून न जाता भिंतीला अंग घासत जातो आणि एकदा ठरलेली वाट सहसा सोडत नाही. या वाटेवर अंगाच्या तेलाचा काळपट पट्टा उमटतो. वावर मुख्यतः रात्रीचा असतो: अंधार पडल्यानंतरचे दोन-तीन तास आणि पहाटेपूर्वीचा काळ. दिवसाढवळ्या उंदीर फिरताना दिसू लागले, तर संख्या इतकी वाढली आहे की दुबळ्यांना रात्री खायला मिळत नाही, असे समजावे.

सर्वांत महत्त्वाचा गुण म्हणजे नव्या वस्तूविषयीचा संशय. काळा उंदीर आणि घूस आपल्या वाटेवर कालपर्यंत नसलेली वस्तू दिसली की काही दिवस तिला टाळतात आणि नवे खाद्य आधी अगदी किंचित चाखतात. उंदराला ओकारी करता येत नाही, म्हणून ही सावधगिरी त्याच्या जिवाचाच प्रश्न असते. चाखल्यावर लवकरच पोटात त्रास झाला, तर तो त्या चवीपासून पुढे बराच काळ दूर राहतो. तीव्र विषाची पुडी पहिल्यांदा थोडेफार काम करते आणि दुसऱ्यांदा तशीच पडून राहते, त्याचे कारण हेच आहे. औषध भेसळीचे होते असे आपण म्हणतो, पण बहुतेक वेळा दोष मांडण्याच्या पद्धतीचा असतो. घरउंदराचा स्वभाव याच्या उलट असतो. तो चौकस असतो, नवी वस्तू लगेच हुंगतो, पण एका जागी पोटभर न खाता दहा ठिकाणी थोडे थोडे कुरतडतो.

प्रजननाचा वेग अन्नावर ठरतो. गर्भकाळ साधारण २१ ते २३ दिवसांचा असतो, एका वेळी सहा-आठ पिले होतात आणि ती सुमारे तीन महिन्यांत वयात येतात. अन्न मुबलक असले की ही साखळी खंडत नाही. मिझोराममधील माउताम हे याचे टोकाचे उदाहरण आहे. तेथे एका जातीचा बांबू साधारण ४८ वर्षांनी एकाच सुमारास फुलतो, त्याच्या फळांवर उंदीर बेसुमार वाढतात आणि फळे संपली की भातशेतीवर तुटून पडतात. १९५८-५९ च्या माउतामनंतर तेथे दुष्काळ पडला. त्या वेळी मदतकार्यासाठी उभ्या राहिलेल्या संघटनेतूनच १९६१ मध्ये मिझो नॅशनल फ्रंट हा राजकीय पक्ष निघाला. २००६ ते २००८ या काळात बांबू पुन्हा फुलला आणि उंदीरही पुन्हा आले. आपल्या घरातील प्रमाण लहान असले, तरी नियम तोच आहे. अन्न उघडे ठेवून उंदीर मारत बसलो, तर मेलेल्यांची जागा लवकरच भरून निघते.

नुकसान कसे मोजावे

मोठा उंदीर दिवसाला स्वतःच्या वजनाच्या सुमारे दहाव्या हिश्श्याइतके खातो. दिवसाला २५ ग्रॅम धरले, तर वर्षाला एका उंदराचे ९ किलो होतात आणि दहा उंदरांचे जवळजवळ एक क्विंटल. हा फक्त पोटात गेलेल्याचा हिशेब झाला. फाटलेल्या पोत्यातून सांडलेले, दाण्याचा फक्त अंकुराचा भाग खाऊन टाकून दिलेले आणि मूत्र, लेंड्या व केसांनी खराब झालेले धान्य याहून अधिक भरते. बियाण्याच्या बाबतीत तर अंकुर खाल्ला गेला की उरलेला दाणा पेरणीला निरुपयोगी ठरतो.

घूस खाण्याखेरीज साठवतेही. भाताच्या खाचरांच्या बांधात तिच्या बिळांमध्ये ओंब्या कोंबलेल्या सापडतात आणि एकेका बिळातून काही किलो भात निघू शकते. कोकणातील कातकरी लोक कापणीनंतर अशी बिळे उकरून भात आणि घूस दोन्ही मिळवत आले आहेत. बीळ चालू आहे की सोडलेले, हे उकिराकडे पाहून सांगण्याचे त्यांचे कसब कोणत्याही पुस्तकी पाहणीपेक्षा वरचढ आहे.

पहिली पायरी: रांगोळीने पाहणी

संध्याकाळी कोठीच्या खोलीत भिंतीलगत, दाराच्या उंबऱ्याशी आणि पोत्यांच्या थप्पीभोवती वीतभर रुंदीचा रांगोळीचा पातळ पट्टा भुरभुरावा. पीठ वापरू नये, कारण ते खाद्य आहे. सकाळी बॅटरीचा प्रकाश जमिनीला समांतर टाकला की पावलांचे ठसे आणि शेपटीची रेघ स्पष्ट दिसते. तीन-चार रात्री असे केल्यावर ये-जा कोठून होते, हे समजते. खोलीचा साधा नकाशा कागदावर काढून त्यावर वाटा, लेंड्या, कुरतडलेल्या जागा आणि भिंतीवरचे काळे पट्टे यांच्या खुणा कराव्यात. ठसे फक्त आढ्याच्या बाजूने उतरत असतील, तर जमिनीवर मांडलेले सापळे व्यर्थ जाणार, हे आधीच कळते.

घराबाहेर बिळे असतील तर त्यांची तोंडे संध्याकाळी ओल्या मातीने लिंपावीत. सकाळी जी उघडलेली असतील ती चालू बिळे. पुढचे सारे श्रम त्यांच्यावरच खर्च करावेत.

दुसरी पायरी: आसरा काढणे

घराच्या भिंतीलगत रचलेले सरपण, तुराट्यांचे भारे, कौलांचे ढीग, मोडके औत आणि कडब्याची गंजी हे सगळे उंदरांचे वसतिस्थान असते. भिंतीभोवती किमान एक मीटरचा पट्टा स्वच्छ आणि मोकळा ठेवावा. गंजी किंवा उडवी धान्याच्या खोलीला टेकून रचू नये, आणि शक्य असेल तर ती दगडांवर वा माचीवर रचावी. छपरावर टेकलेल्या फांद्या व वेली छाटाव्यात, कारण काळा उंदीर त्यांवरूनच कौलांत शिरतो.

पाण्याचाही विचार करावा. कोरडे धान्य खाणाऱ्या मोठ्या उंदराला रोज पाणी लागते. घरउंदीर मात्र खाद्यातल्या ओलाव्यावर बराच काळ काढू शकतो. गळका नळ, रात्रभर भरलेली उघडी बादली आणि मोरीत साचलेले पाणी बंद केले, तर काळ्या उंदराला आणि घुशीला ती जागा गैरसोयीची होते. कुत्र्या-मांजरांचे उरलेले अन्न व कोंबड्यांचा भरडा रात्री उचलून ठेवावा.

तिसरी पायरी: वाटा बुजवणे

घरउंदराला ६ मिलिमीटरची आणि उंदराच्या पिलाला साधारण १२ मिलिमीटरची फट पुरते. ज्या भोकातून पेन्सिल आत जाते, ते भोक उघडे आहे असे धरावे. चिंध्या, कागद, लाकडाची खुंटी किंवा नुसती माती यांनी बुजवलेले भोक त्याच रात्री मोकळे होते. सिमेंटमध्ये फुटक्या काचा मिसळून भरण्याची जुनी पद्धत आजही उत्तम आहे. नळ आणि वायरच्या भोवतीच्या लहान फटींत आधी तारेची घासणी ठासून वरून सिमेंट लावावे.

दाराच्या खालच्या बाजूला आतून-बाहेरून ३० सेंटिमीटर उंचीचा पत्रा ठोकावा आणि दार व उंबरा यांत ६ मिलिमीटरपेक्षा जास्त जागा ठेवू नये. खिडक्या, झरोके आणि मोरीच्या तोंडाला ६ मिलिमीटरहून लहान छिद्रांची लोखंडी जाळी बसवावी. डासांची प्लास्टिकची जाळी येथे कामाची नाही. घुशीचा त्रास असेल तर फक्त बिळाचे तोंड बंद करून भागत नाही, कारण ती बाजूने नवे बीळ काढते. जुन्या घरांत शहाबादी फरशीखालचा मातीचा भराव ही तिची आवडती जागा असते. तेथे फरशी उचलून खडी आणि काँक्रीटचा थर द्यावा लागतो. काम खर्चाचे आहे, पण त्याला पर्याय नाही.

एक दक्षता घ्यावी: उंदीर आत असतानाच सगळ्या वाटा बंद केल्या तर ते आतच अडकतात. म्हणून बाहेरची भोके बुजवताना त्याच आठवड्यात सापळ्यांची तयारीही ठेवावी.

चौथी पायरी: साठवण सुधारणे

घरगुती धान्यासाठी पत्र्याची, घट्ट झाकणाची कोठी हा सर्वांत चांगला पर्याय आहे. मात्र उन्हात वाळवलेले धान्य गरम असतानाच कोठीत भरले, तर आत ओलावा सुटून बुरशी येते. ते सावलीत पूर्ण थंड करून भरावे आणि दाणा दाताखाली कट्‌ आवाज करून फुटतो की नाही, हे पाहावे. कोठी जमिनीवर न ठेवता फळीवर किंवा विटांवर ठेवावी आणि खालची जागा झाडता येईल इतकी मोकळी असावी.

बांबूची शेणामातीने लिंपलेली कणगी वापरायची असेल, तर ती चार पायांच्या माचीवर ठेवावी. माचीची उंची ९० सेंटिमीटर असावी, कारण उंदीर जवळपास तेवढी उडी मारू शकतो, आणि प्रत्येक पायाला वरच्या टोकाशी उपडा पत्र्याचा शंकू बसवावा. माची भिंतीपासून आणि इतर सामानापासून हातभर दूर नसेल, तर शंकूचा काहीही उपयोग होत नाही. पूर्वीच्या वाड्यांतील बळदे, म्हणजे धान्य साठवण्याच्या जागा, भिंतीतच असत. मातीच्या भिंतीतून घूस आत पोचते, म्हणून बळद वापरात असल्यास आतून पत्रा लावून घ्यावा. जमिनीखालचे पेव हा वेगळाच प्रकार आहे. सांगलीजवळच्या हरिपूरची हळदीची पेवे त्यासाठी प्रसिद्ध आहेत. तोंड नीट बंद केलेल्या पेवात प्राणवायू संपत जातो आणि कोणताही जीव तग धरत नाही. त्याच कारणाने नुकत्याच उघडलेल्या पेवात माणसाने लगेच उतरणे प्राणघातक ठरते.

पोत्यांची थप्पी भिंतीला चिकटवून लावण्याची सवय मोडली पाहिजे. थप्पी लाकडी फळ्यांवर, भिंतीपासून ४५ ते ६० सेंटिमीटर सोडून लावावी, म्हणजे मागून झाडता येते, पाहता येते आणि मांजरालाही फिरता येते. त्या मोकळ्या पट्ट्याला चुन्याचा पांढरा हात दिला तर नवी लेंडी लगेच नजरेत भरते. मांजराविषयी अवास्तव अपेक्षा मात्र ठेवू नये. ते घरउंदीर आणि पिले मारते. पूर्ण वाढलेल्या घुशीच्या वाटेला बहुतेक मांजरे जात नाहीत. आवाजाच्या लहरींनी उंदीर पळवणाऱ्या यंत्रांवर पैसे खर्च करण्याचेही कारण नाही, कारण उंदीर त्यांना थोड्याच काळात सरावतात.

पाचवी पायरी: सापळे

घरात आणि धान्याच्या खोलीत विषाऐवजी सापळाच वापरावा. मोठ्या उंदरांसाठी सापळे आमिष लावून, पण चाप न ओढता, चार-पाच दिवस तसेच ठेवावेत. आमिष निःशंकपणे खाल्ले जाऊ लागले की एका संध्याकाळी सगळे सापळे एकाच वेळी लावावेत. हा धीर फार थोडे लोक धरतात. घरउंदरासाठी असे थांबण्याची गरज नाही, पण त्याचा वावर काही मीटरच्या टापूतच असल्याने सापळे अधिक संख्येने आणि दोन-तीन मीटरच्या अंतराने लागतात.

चापाचा सापळा भिंतीशी काटकोनात, आमिषाचे टोक भिंतीकडे करून मांडावा, म्हणजे भिंतीकडेने येणारा उंदीर कोणत्याही बाजूने आला तरी त्यावर पडतो. काळ्या उंदरासाठी तो वाशांवर बांधावा लागतो. आमिष निवडताना आसपास जे भरपूर आहे ते टाळावे. ज्वारीच्या ढिगाशेजारी ज्वारीची भाकरी कोणी का खावी? तेथे भजे, भाजलेले खोबरे, सुका बोंबील चालतो, आणि उन्हाळ्यात कोरड्या गोदामात काकडीची वा टोमॅटोची फोड अनेकदा सर्वांत जास्त ओढून आणते. सापळे मुलांच्या हाताला लागणार नाहीत असे ठेवावेत.

पिंजऱ्यात धरलेला उंदीर दुसऱ्याच्या शेतात सोडणे म्हणजे उपद्रव शेजाऱ्याला देणे होय. चिकट कागदावर प्राणी तासन्‌तास तडफडतो आणि तेथेच मलमूत्र टाकतो, त्यामुळे धान्याच्या जागी तो वापरू नये.

सहावी पायरी: शेतातील विषप्रयोग

घरात येणाऱ्या उंदरांचा मोठा लोंढा कापणीनंतर शेतातून येतो, म्हणून पीक दाणे भरण्याच्या अवस्थेत येण्यापूर्वीच शेतात काम करावे. दाणे भरल्यावर समोर मेजवानी असताना विषारी आमिषाकडे कोणी फिरकत नाही. शिवाय एकट्याने आपले शेत साफ केले तर शेजारच्या बांधातून ते पुन्हा भरते. लगतच्या सर्व शेतकऱ्यांनी एकाच आठवड्यात काम केले, तरच परिणाम टिकतो.

पहिल्या दिवशी सर्व बिळे लिंपून दुसऱ्या दिवशी चालू बिळांवर खुणेची काठी रोवावी. त्यानंतर दोन-तीन दिवस भरड धान्याला थोडे खाद्यतेल चोळून, विष न घालता, बिळात टाकावे. उंदीर ते खाऊ लागल्यावर झिंक फॉस्फाइडचे आमिष द्यावे: वजनाने ९६ भाग भरड, २ भाग तेल आणि २ भाग झिंक फॉस्फाइड. प्रत्येक चालू बिळात सुमारे १० ग्रॅम आमिष कागदाच्या पुडीत बांधून खोल सरकवावे व तोंड बंद करावे. आमिष काठीनेच ढवळावे, हातमोजे आणि तोंडावर फडके असावे, काम उघड्या हवेत आणि पोटात अन्न असताना करावे. हे विष ओलाव्याच्या संपर्कात येऊन जो वायू सोडते, त्यावर उतारा नाही. मेलेले उंदीर सकाळीच गोळा करून खोल पुरावेत.

उरलेल्या उंदरांना तेच आमिष पुन्हा देऊ नये. ते त्याला ओळखून असतात. सात-आठ दिवसांनी बिळे पुन्हा लिंपून, जी उघडतील तेथे ०.००५ टक्के ब्रोमॅडिओलोनचे तयार आमिष वापरावे. त्याचा परिणाम रक्त न गोठल्याने काही दिवसांनी होतो, त्यामुळे उंदराला त्रासाचा संबंध खाद्याशी जोडता येत नाही. त्यावर जीवनसत्त्व के-१ हा उतारा आहे. मुलाने किंवा जनावराने चुकून कोणतेही आमिष खाल्ले तर वेष्टन बरोबर घेऊन तत्काळ दवाखाना गाठावा.

ॲल्युमिनियम फॉस्फाइडच्या गोळ्या घरातील धान्यात किंवा घराजवळच्या बिळात कधीही घालू नयेत. त्यांतून सुटणाऱ्या वायूने झोपेत माणसे दगावलेली आहेत, आणि कायद्यानेही त्यांचा वापर तज्ज्ञांच्या देखरेखीपुरताच मर्यादित आहे.

विष जितके कमी तितके घुबड आणि धामण शेतात टिकतात. गव्हाणी घुबडाचे खाणे मुख्यतः उंदीरच असते, तर धामण थेट बिळात शिरते. घुबडाला अशुभ मानून हुसकावणे आणि दिसली धामण की मारणे, या दोन सवयी शेतकऱ्याला फार महाग पडतात.

स्वच्छता आणि आजार

धान्य, उंदीर आणि रोग यांचे नाते मुंबईने १८९६ मध्ये अनुभवले. बंदराजवळच्या, धान्याच्या वखारींनी भरलेल्या मांडवी भागात गोमंतकीय डॉक्टर अकासिओ व्हिएगस यांनी त्या वर्षी प्लेगचे निदान केले. आज महाराष्ट्रात अधिक नेहमीचा धोका लेप्टोस्पायरोसिसचा आहे. त्याचे जंतू उंदराच्या मूत्रातून ओल्या जमिनीत व पाण्यात उतरतात आणि जखमेतून शरीरात शिरतात. जुलै २००५ च्या पुरानंतर मुंबईत त्याची मोठी साथ आली होती.

म्हणून लेंड्या कोरड्या झाडू नयेत. आधी ब्लीचिंग पावडरचे पाणी शिंपडावे, काही मिनिटे थांबून हातमोजे घालून ओल्या फडक्याने उचलावे. लेंड्या मिसळलेले धान्य चाळले आणि पाखडले तरी मूत्राचा अंश राहतो. ज्या पोत्यात घरटे किंवा मेलेला उंदीर सापडला, ते धान्य माणसांसाठी वापरू नये. पावसाळ्यात भातखाचरात काम करणाऱ्याला ताप, तीव्र अंगदुखी आणि डोळ्यांत लाली आली, तर शेतात उंदीर आहेत हे डॉक्टरांना आवर्जून सांगावे.

वर्षाचे वेळापत्रक

उन्हाळ्यात, शेत मोकळे आणि खाद्य कमी असताना, बांधांवरची बिळे शोधून गावाने एकत्र काम करावे. या काळात उंदीर कमी असतात आणि आमिष लवकर घेतात. बांध अरुंद ठेवले तर घुशीला बीळ करायला जागा कमी मिळते. पावसाळ्यापूर्वी घराच्या भिंती, मोऱ्या आणि कौले तपासावीत, कारण बिळांत पाणी शिरले की घूस कोरड्या जागेकडे निघते. खरिपाची कापणी होण्याआधी कोठ्या रिकाम्या करून, झाडून, जुन्या धान्याचा दाणाही न ठेवता स्वच्छ कराव्यात आणि दारांचे पत्रे पाहून घ्यावेत. मळणीनंतर खळ्यावर माल पडून राहू देऊ नये. धान्य भरल्यावर महिन्यातून एकदा रांगोळीचा पट्टा टाकावा आणि एकही ठसा दिसला, तर त्याच दिवशी नकाशा काढून ती वाट शोधावी.